कर्नलच्या वहीतलं मक्याचं शेत

शॉमबर्ग शहर सोडून पेनसिल्व्हेनियातल्या या लहान गावात आलो तेव्हा मी त्रेपन्न वर्षांची होते. नवऱ्याला इथल्या पंपांच्या कारखान्यात काम मिळालं होतं. मुलगी जर्सी सिटीत नोकरीला लागली होती. माझी सॉफ्टवेअर टेस्टिंगची नोकरी कंपनीने दहा मिनिटांच्या व्हिडिओ कॉलवर संपवली होती. गावात मराठी माणूस औषधालाही नव्हता. पहिले दोन महिने मी फक्त खोकी उघडत होते आणि पुन्हा बंद करत होते.

एक दिवस ग्रंथालयाच्या फळ्यावर चिठ्ठी दिसली. गावाच्या इतिहास मंडळाला जुनं हस्ताक्षर वाचू शकणारं कोणीतरी हवं होतं, बिनपगारी. मी तशीच चालत गेले.

मंडळ म्हणजे नदीकाठी दोन खोल्यांचं दगडी घर. आत सत्तरी ओलांडलेला एक उंच माणूस खिडकीची चौकट रंध्याने तासत होता. त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं अर्धीच होती. गावच्या हायस्कुलात तो पस्तीस वर्षं सुतारकाम शिकवत होता आणि ती बोटं तिथल्याच करवतीने नेली होती. पहिल्या दिवसापासून मी मनात त्यांना मास्तर म्हणायला लागले. इथेही तेच म्हणते.

"अडीचशे वर्षांपूर्वीचं इंग्रजी वाचता येईल?" त्यांनी विचारलं.

"तेव्हाचं इंग्रजी जमेल का, माहीत नाही. पण माझे वडील तालुका कचेरीत जुनी मोडी कागदपत्रं वाचायचे. त्यांनी मला शिकवलं होतं. त्यात लेखणी उचलतच नाहीत, सगळी अक्षरं एकमेकांत अडकलेली असतात."

त्यांनी एक पान पुढे ठेवलं. शाई तपकिरी झाली होती, ओळी खाली कलत गेल्या होत्या. पाच मिनिटांनी मी पहिल्या तीन ओळी वाचून दाखवल्या. मास्तरांनी रंधा खाली ठेवला आणि स्वतःची खुर्ची माझ्यासाठी खिडकीपाशी सरकवली.

ती वही कर्नलची होती. गावात कर्नल म्हटलं की एकच. चौकात त्याचा पुतळा, शाळेला त्याचं नाव, ओढ्यालाही त्याचंच. जन्म स्कॉटलंडचा, इथे येऊन सैनिक झाला आणि पुढे वसाहतीच्या विधिमंडळात बसला. मास्तर आईकडून त्याचे वंशज. दर उन्हाळ्यात गावाच्या वाढदिवसाला ते कर्नलचा निळा कोट घालून पुतळ्याखाली भाषण करायचे. सोबत जुन्या पलटणीच्या वेषात आठ-दहा जण उभे असायचे. त्यांच्यातला सार्जंट गावचा प्लंबर होता, पन्नाशीचा, मास्तरांचा जुना विद्यार्थी. आमच्या तळघरातला पाण्याचा हीटर फुटला तेव्हा तो रविवारी धावत आला होता. काम करता करता म्हणाला होता, "तुमच्या देशावरही इंग्रजांचं राज्य होतं ना? आमच्या कर्नलच्या देशावरही होतं. म्हणजे आपण एकाच बाजूचे." मी त्याला चहा दिला. आलं घातलेला चहा त्याला फार आवडला आणि नंतर भेटला की तो त्या चहाची आठवण काढायचा.

आठवड्यातले चार दिवस मी वही उतरवून काढत होते. कर्नलने म्हातारपणी पहिल्या पानांवर लहानपण लिहिलं होतं. तो चौदा वर्षांचा असताना डोंगरातल्या लोकांनी केलेलं बंड मोडलं आणि राजाचे शिपाई त्याच्या दरीत आले. त्यांनी घरांच्या छपरांना आगी लावल्या. त्याचा काका गोठ्यात गवताखाली लपला होता. शिपायांनी गवतात संगिनी खुपसून पाहिल्या. तिसऱ्या वेळी संगीन लाल होऊन बाहेर आली. काका ओरडला नाही, असं कर्नल लिहितो. ओरडलो तर पोरगा धावत बाहेर येईल म्हणून ओरडला नाही. पोरगा, म्हणजे कर्नल स्वतः, बाजूलाच दलदलीच्या खड्ड्यात गळ्यापर्यंत बुडून बघत होता.

हे पान मी मास्तरांना वाचून दाखवलं तेव्हा त्यांचे डोळे भरले होते. "यंदाच्या भाषणात हेच घेऊ," ते म्हणाले.

पुढच्या पानांवर तो जहाजाने इथे आला, जमिनी मोजायला शिकला, या नदीकाठी घर बांधलं. मग सरहद्दीवर हल्ले सुरू झाले. त्याच्या शेजारच्या घरातली पाच माणसं एका सकाळी मारली गेली आणि प्रेतं त्यानेच पुरली. धाकट्या मुलीचं डोकं सापडलं नाही म्हणून तिला तशीच पुरली. महिन्याभरात त्याला तीनशे माणसं देऊन वर नदीच्या उगमाकडे पाठवलं. तिथे इथल्या मूळच्या लोकांचं एक गाव होतं. पुतळ्याच्या पाटीवर या मोहिमेबद्दल दोन ओळी आहेत. कर्नलने शत्रूच्या सशस्त्र योद्ध्यांचा तळ पहाटे हल्ला करून नष्ट केला, अशा अर्थाच्या.

त्या पहाटेची तीन पानं उतरवायला मला चार दिवस लागले. अक्षर अवघड नव्हतं. उलट तिथे त्याचं अक्षर एरवीपेक्षा सरळ होतं. योद्धे दोन दिवसांपूर्वीच शिकारीला निघून गेले होते आणि ते त्याला माहीत होतं. तसं त्याने लिहिलंच होतं. घरं पेटवली. जे बाहेर आले त्यांना दारातच गोळ्या घातल्या. उरलेल्या बायका आणि मुलं मक्याच्या शेतात शिरली. मका हिरवा होता, पेटेना. म्हणून त्याने शेताला चारी बाजूंनी वेढा घातला आणि माणसांना संगिनी लावून, खांद्याला खांदा लावून आत चालायला सांगितलं. गवत कापणारे चालतात तसं. मका हलेल तिथे खुपसायचं. दुपारपर्यंत मका हलायचा थांबला. पुढच्या ओळीत त्याने लिहिलं होतं की संध्याकाळी चांगला पाऊस झाला.

त्यानंतर दोन वर्षांनी तो निवडून आला. विधिमंडळात एका सभासदाने उठून विचारलं, तिथे मेले ते कोण होते? कर्नलने उत्तर दिलं, हत्यारबंद पुरुष. वहीत तो लिहितो की हे खोटं आपण उभं राहून, आवाज न कापता सांगितलं आणि सभागृहाने ते मानलं.

मी पेन्सिल ठेवली. मास्तर मागच्या खोलीत खिळे निवडत होते.

"हे तुम्ही वाचायला हवं," मी म्हणाले.

त्यांनी माझी नक्कल वाचली. मग मूळ वही मागितली, पण ते अक्षर त्यांना लागत नव्हतं. "तू वाच. मोठ्याने."

मी वाचत गेले. हिरवा मका पेटेना, या ओळीवर त्यांनी अर्धी बोटं वर केली. "ती ओळ परत वाच." मी परत वाचली. ते उठून बाहेर गेले. अर्ध्या तासाने आले तेव्हा त्यांच्या बुटांना नदीचा चिखल लागला होता.

"आणखी कोणाला दाखवलंस का?"

"नाही."

"ही तीन पानं वगळून पुढे जा, असं मी सांगितलं तर?"

"मंडळ तुमचं आहे. वगळीन. पण माझं वाचून झालंय."

त्यांनी वही मिटली. "मी पंचवीस वर्षं त्याचा कोट घालतोय," एवढंच बोलले.

गावाच्या वाढदिवसाला कडक ऊन होतं. चौकात घडीच्या खुर्च्या मांडलेल्या, शाळेचा बँड, लिंबू सरबताची गाडी, दोनेकशे माणसं. मास्तरांनी मला शेजारी उभं राहायला सांगितलं होतं. माझ्या हातात नकलेची फाइल होती. नवरा कारखान्यात होता, त्याची शिफ्ट होती. मास्तरांनी आपली ठासणीची बंदूक पुतळ्याच्या पायरीला टेकवली. ती नुसती शोभेची होती, दारू नाही की गोळी नाही. कोटाच्या खिशातून कागद काढले आणि माईकपाशी गेले.

सुरुवातीला त्यांनी दरीतली आग सांगितली, गोठ्यातला काका सांगितला. लोक शांतपणे ऐकत होते. मग म्हणाले, "आता यापुढचं, जे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही, कारण मलाच माहीत नव्हतं." आणि त्यांनी ती पहाट वाचायला घेतली.

पहिल्या पानावर कोणाला काही कळलं नाही. दुसऱ्या पानावर खुर्च्या सरकल्याचे आवाज यायला लागले. कोणीतरी ओरडलं, "पोरं बसलीत इथे!" दुसरा ओरडला, "कोट काढ मग!" मास्तरांचा आवाज कापत होता पण ते थांबले नाहीत. सार्जंट तीन पावलांवर उभा होता. त्याचं तोंड लाल झालं होतं. तो जवळ येऊन हळूच म्हणाला, "सर, पुरे. प्लीज. माझे वडील याच पुतळ्याखाली..." पुढचं मला ऐकू आलं नाही. मास्तरांनी नकारार्थी मान हलवली आणि पुढची ओळ वाचली, मका हलेल तिथे.

सार्जंटने कागद ओढले. मास्तरांनी सोडले नाहीत. कागद फाटले आणि त्याच झटक्यात सार्जंटची मूठ मास्तरांच्या तोंडावर बसली. मास्तर मागे कोसळले. त्यांचं डोकं पुतळ्याच्या दगडी पायरीवर आपटलं. नारळ फोडताना येतो तसा आवाज आला. मला वाटलं आता हा घाबरेल, थांबेल. तो थांबला नाही. तो त्यांच्या छातीवर गुडघा रोवून बसला आणि मारतच राहिला, एकदा डोळ्यावर, एकदा कानावर, पुन्हा डोळ्यावर. प्रत्येक वेळी मास्तरांचं डोकं पायरीवर आपटत होतं. निळ्या कोटाची कॉलर काळी पडत चालली. सार्जंट रडत होता. रडत रडत मारत होता आणि "सर, सर" म्हणत होता.

कोणीही पुढे आलं नाही. सगळे फोन वर धरून उभे होते.

मी फाइल टाकली आणि बंदूक उचलली. ती वाटलं त्यापेक्षा खूप जड होती. नळीकडून दोन्ही हातांनी धरली आणि लाकडी दस्ता त्याच्या खांद्यावर घातला. आत काहीतरी तुटल्याचं मला हातात जाणवलं, लाकडातून. तो मास्तरांच्या अंगावरून बाजूला लोळला, पाठीवर पडला. एक हात निकामी झाला होता. दुसरा हात त्याने वर केला, पंजा उघडा. माझ्याकडे बघून तो काहीतरी म्हणाला. बहुतेक "ओके, ओके".

मी पुन्हा मारलं. या वेळी तोंडावर. दस्त्याची पितळी पट्टी त्याच्या जबड्यावर बसली आणि दोन दात माझ्या चपलेपाशी येऊन पडले. तिसऱ्यांदा बंदूक उचलली तेव्हा मागून कोणीतरी माझ्या कमरेला मिठी मारली. बँडमधली एक बाई होती. तिने मला उचलूनच बाजूला नेलं.

पोलिसांनी माझे हात मागे घेऊन प्लास्टिकची पट्टी आवळली. गाडीत बसल्यावर मला थरथरायला व्हायला हवं होतं. होत नव्हतं. मला बरं वाटत होतं. अंगातून काहीतरी साचलेलं निघून गेल्यासारखं हलकं. ही गोष्ट मी नंतर कित्येक महिने कोणालाही सांगितली नाही.

नवरा चौकीत आला तेव्हा कारखान्याचाच शर्ट अंगावर होता. त्याला मराठीत बोलायलाही सुधरत नव्हतं. "तू? बंदुकीने? अगं, घरात झुरळ मारायला मला हाक मारतेस तू." मग खाली बसून म्हणाला, "तू कशाला मध्ये पडलीस यार? दोनशे माणसं होती ना तिथे?"

मुलगी दुसऱ्या दिवशी सकाळी जर्सी सिटीहून ड्राइव्ह करत आली. तिने व्हिडिओ पाहिला होता. तोपर्यंत तो सगळ्यांनी पाहिला होता. तिने मला मिठी मारली, खायला केलं, वकिलाशी बोलली. जेवताना मात्र ताटाकडे बघत म्हणाली, "आई, पहिला फटका, आय गेट इट. पण नंतर तो डाउन होता. हात वर केला होता त्याने."

"मला दिसला नाही," मी म्हणाले.

तिने माझ्याकडे पाहिलं आणि विषय बदलला. आधी कधी मी तिच्याशी खोटं बोलले नव्हते असं नाही. पण हे खोटं तिला कळलं आहे हे मला कळलं होतं, आणि तरी आम्ही दोघी जेवत राहिलो.

मास्तरांच्या कवटीला तडा गेला होता. सव्वा महिना ते हॉस्पिटलात होते. डाव्या डोळ्याची नजर गेली ती गेलीच. बोलणं आलं, पण शब्द निसटायचे. रंधा, पटाशी, कानस, ज्या वस्तू त्यांनी पन्नास वर्षं हाताळल्या त्यांचीच नावं आठवेनात. बोटाने दाखवायचे आणि रागावून रडायचे. वाचता तर येतच नव्हतं. अक्षरं दिसतात, पण गप्प असतात, असं त्यांनी एकदा मोठ्या कष्टाने सांगितलं.

सार्जंटने गुन्हा कबूल केला. त्याला दोन वर्षांची शिक्षा झाली. जबड्यात तार घातलेली असल्यामुळे तो कोर्टात जे काही बोलला ते त्याच्या वकिलाला परत सांगावं लागलं. मास्तरांच्या घरचे कोणी त्याच्याकडे बघत नव्हते. तो मात्र सारखा त्यांच्याकडे बघत होता.

माझी तारीख नंतर लागली. पहिल्या फटक्याबद्दल कोणाचंच काही म्हणणं नव्हतं, मी एका माणसाचा जीव वाचवला होता. प्रश्न दुसऱ्याचा होता. माझी वकील हुशार होती, तरुण होती. तिने मला तयार केलं. "तुम्हाला वाटलं तो पुन्हा उठेल. बरोबर? तो तुमच्या दुप्पट आहे. तुम्ही घाबरला होता." मी पर्सची चेन उघडली आणि पुन्हा लावली. "बरोबर ना?" तिने पुन्हा विचारलं.

न्यायाधीश बाईंनी व्हिडिओ थांबवून थांबवून पाहिला. उघडा पंजा पडद्यावर मोठा दिसत होता. त्यांनी मला उभं केलं आणि विचारलं की दुसऱ्यांदा मारताना माझ्या मनात काय होतं.

"मला वाटलं तो पुन्हा उठेल," मी म्हणाले. "मी घाबरले होते."

आवाज कापला नाही. मला अजून आठवतं, मी खोलीत शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जाईल इतक्या स्पष्टपणे बोलले. न्यायाधीशांनी मान डोलावली. वर्षभराची देखरेख आणि रागावर ताबा ठेवण्याचे बारा वर्ग, एवढ्यावर मी सुटले. बाहेर आल्यावर नवऱ्याने माझा हात घट्ट धरला. त्या तीन पानांनंतरचं पान, विधिमंडळातलं, माझ्याच हाताने मी उतरवलं होतं. कोणता माणूस असं करू शकतो, असा प्रश्न तेव्हा मी समासात पेन्सिलीने लिहिला होता.

वर्ग शाळेच्या जिममध्ये भरायचे. मी सगळ्यांत मोठी, आणि एकटीच बाई. बाकीचे कोणी बायकोवर हात उचललेले, कोणी बारमध्ये बाटली फोडलेले. शिकवणारा म्हणायचा, राग आला की दहा श्वास मोजा. पाचव्या वर्गाला मी हात वर करून म्हणाले, "मला राग आला नव्हता." सगळे माझ्याकडे बघायला लागले. "पहिल्या वेळी आला होता. दुसऱ्या वेळी नाही. दुसऱ्या वेळी तो खाली होता आणि मी वर होते, बस." माझ्या शेजारचा, बायकोचा हात मोडलेला, एक ट्रकवाला हळूच म्हणाला, "हो." मग आम्ही श्वास मोजले.

गावाने त्या पाटीवर दोन वर्षं वाद घातला. शेवटी सशस्त्र हा एकच शब्द घासून काढला. जवळ गेलं तर तिथे पितळ जास्त चकाकतं. पुतळा आहे तिथेच आहे. नक्कल मी पूर्ण केली. ती आता मंडळाच्या कपाटात आहे, मागेल त्याला मिळते. फार कोणी मागत नाही.

मागच्या मार्चमध्ये मी हार्डवेअरच्या दुकानाबाहेर सार्जंटला पाहिलं. तो सुटला आहे हे मला ठाऊक होतं. तो एकट्याने लांब पाइप व्हॅनच्या टपावर चढवत होता. त्याचा एक हात खांद्याच्या वर जात नव्हता, त्यामुळे दुसरं टोक सारखं खाली यायचं. निघून जावं असं माझ्या मनात आलं, तेवढ्यात त्याने मला पाहिलं. मी जाऊन दुसरं टोक धरलं. पाइप वर गेला, त्याने दोरी आवळली.

"मी हात वर केला होता," तो म्हणाला. जबड्यामुळे त्याचे शब्द आता थोडे ओले येतात.

"हो."

"तुम्हाला दिसला होता."

"दिसला होता."

"कोर्टात तुम्ही म्हणालात की तुम्ही घाबरला होता."

"खोटं बोलले."

त्याने दोरीची गाठ चाचपली. मला वाटलं तो ओरडेल, किंवा मारेल. मारलं असतं तर मी हात वर केला नसता, एवढं नक्की.

"सर पडले ना," तो म्हणाला, "तेव्हाच मला थांबता आलं असतं. लोकांना वाटतं माझं भान गेलं होतं. गेलं नव्हतं." त्याने नाक पुसलं. "सर कसे आहेत?"

"एका डोळ्याने दिसतं. खुर्च्या बनवतात. वाकड्या होतात, पण बनवतात."

"त्यांना सांगाल, मी विचारत होतो म्हणून?"

दुसऱ्या दिवशी मी मास्तरांना सांगितलं. ते खुर्चीच्या एका पायाला कानस लावत होते. त्यांचे हात थांबले. ओठ हलले, पण शब्द सापडला नाही की त्यांना शोधायचाच नव्हता, ते मला कळलं नाही. त्यांनी पाय उलटा केला आणि दुसऱ्या बाजूने घासायला लागले. मी पलीकडचं टोक धरून बसले.